अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल
अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल (३ मार्च, १८४७:एडिंबरा, स्कॉटलंड - २ ऑगस्ट, १९२२:बॅडेक, नोव्हा स्कॉशिया, कॅनडा) हे स्कॉटलंडमध्ये जन्मलेले अमेरिकन संशोधक, वाक्-शास्त्रज्ञ आणि कर्णबधिरांचे शिक्षक होते. दूरध्वनीचे जनक म्हणून ते जगभर ओळखले जातात. आयुष्याच्या उत्तरार्धात त्यांनी विमानविद्या आणि हायड्रोफॉइल नौका या दोन क्षेत्रांत दीर्घकाळ प्रयोग केले. हायड्रोफॉइल म्हणजे नौकेच्या तळाशी बसवलेली, विमानाच्या पंखासारखी वक्र पाती. पुरेशा वेगाला ही पाती नौकेला पाण्याच्या पृष्ठभागावर उचलून धरतात आणि पाण्याचा विरोध मोठ्या प्रमाणात कमी होतो. बेल आणि त्यांचे सहकारी फ्रेडरिक बाल्डविन यांनी तयार केलेल्या एचडी-४ या नौकेने ९ सप्टेंबर १९१९ रोजी ताशी ११४.०४ किमी वेग गाठून जागतिक विक्रम केला. त्या वेळी बेल ७२ वर्षांचे होते.

बालपण आणि कुटुंब

बेल यांचे आजोबा अलेक्झांडर बेल आणि वडील अलेक्झांडर मेलव्हिल बेल हे दोघेही शुद्ध उच्चार व वक्तृत्व यांचे शिक्षक होते. उच्चाराच्या वेळी ओठ, जीभ आणि घसा यांची स्थिती कशी असते हे चिन्हांनी दाखवणारी 'दृश्य वाणी' नावाची लिपी वडिलांनी तयार केली होती. आई एलिझा ग्रेस यांची श्रवणशक्ती फार कमी होती, तरीही त्या उत्तम पियानो वाजवत. इतर लोक त्यांच्याशी कर्ण्यातून बोलत असत. लहानगा अलेक्झांडर मात्र आईच्या कपाळाजवळ तोंड नेऊन खालच्या, स्पष्ट आवाजात बोले, आणि त्या कंपनांवरून आईला ते समजत असे. ध्वनी म्हणजे कंपन, आणि ते कानाखेरीज अन्य मार्गानेही पोहोचू शकते, याचा हा त्यांना घरातच मिळालेला पहिला धडा होता.

जन्माच्या वेळी त्यांना मधले नाव नव्हते. दोन्ही भावांना ते असल्यामुळे त्यांनी वडिलांकडे आग्रह धरला आणि अकराव्या वर्षी कुटुंबाच्या एका स्नेह्यावरून त्यांना 'ग्रॅहॅम' हे नाव मिळाले. बाराव्या वर्षी एका मित्राच्या वडिलांच्या गिरणीसाठी त्यांनी फिरती पाती आणि ब्रश वापरून गव्हाची टरफले काढणारे साधे यंत्र बनवले. त्यांचे शालेय शिक्षण एडिंबरा येथील रॉयल हायस्कुलात झाले. त्यानंतर एक वर्ष ते लंडनला आजोबांकडे राहिले आणि तेथे त्यांना वाचनाची व अभ्यासाची गोडी लागली. सोळाव्या वर्षी ते एल्गिन येथील एका शाळेत विद्यार्थी-शिक्षक म्हणून काम करू लागले. याच काळात त्यांनी थोरल्या भावाच्या साहाय्याने कृत्रिम घसा, ओठ आणि जीभ असलेले बोलके डोके तयार केले. भात्याने हवा भरली की त्यातून काही शब्द ओळखता येतील असे उमटत.

१८६७ मध्ये धाकटा भाऊ एडवर्ड आणि १८७० मध्ये थोरला भाऊ मेलव्हिल क्षयरोगाने दगावला. अलेक्झांडर यांचीही प्रकृती खालावली होती. उरलेला एकुलता मुलगा वाचावा म्हणून आईवडिलांनी स्कॉटलंड सोडण्याचा निर्णय घेतला आणि १८७० साली हे कुटुंब कॅनडातील ओंटारिओ प्रांतात ब्रँटफर्ड येथे स्थायिक झाले. मोकळ्या हवेत बेल यांची प्रकृती सुधारली.

कर्णबधिरांचे शिक्षक

१८७१ मध्ये बेल बॉस्टन येथील कर्णबधिरांच्या शाळेत वडिलांची पद्धती शिकवण्यासाठी गेले. पुढील वर्षी त्यांनी स्वतःचे वर्ग सुरू केले आणि १८७३ मध्ये बॉस्टन विद्यापीठात त्यांची वाक्-शरीरक्रियाशास्त्राचे प्राध्यापक म्हणून नेमणूक झाली. त्यांच्या विद्यार्थ्यांत मेबल हबर्ड ही तरुणी होती. पाच वर्षांची असताना लाल तापामुळे (स्कार्लेट फीव्हर) तिची श्रवणशक्ती गेली होती, परंतु ओठांच्या हालचालींवरून बोलणे समजून घेण्यात ती निष्णात होती. पुढे ११ जुलै १८७७ रोजी या दोघांचा विवाह झाला.

शिक्षक म्हणून बेल यांची लोकप्रियता मोठी होती. अंध-बधिर मुलगी हेलन केलर हिच्या वडिलांनी त्यांचा सल्ला घेतला, तेव्हा त्यांनी बॉस्टनच्या पर्किन्स संस्थेकडे बोट दाखवले. तेथूनच हेलनला ॲन सलिव्हन या शिक्षिका लाभल्या. हेलन केलर यांनी आपले आत्मचरित्र बेल यांना अर्पण केले आहे.

दूरध्वनीचा शोध

एकाच तारेवरून एकाच वेळी अनेक तारसंदेश पाठवता यावेत यासाठी बेल वेगवेगळ्या स्वरांच्या पट्ट्यांचा उपयोग करून पाहत होते. मेबलचे वडील गार्डिनर ग्रीन हबर्ड आणि एका कर्णबधिर विद्यार्थ्याचे वडील थॉमस सँडर्स यांनी या कामासाठी पैसा पुरवला. तंत्रज्ञ थॉमस वॉटसन त्यांचे सहायक होते. २ जून १८७५ रोजी एक पट्टी अडकली. वॉटसन यांनी ती छेडताच दुसऱ्या टोकाला बेल यांना तिचा स्वर ऐकू आला. केवळ चालू-बंद होणाऱ्या प्रवाहाऐवजी आवाजाबरोबर कमीअधिक होणारा प्रवाह माणसाचे बोलणेही वाहून नेऊ शकेल, हे त्यातून स्पष्ट झाले.

१४ फेब्रुवारी १८७६ रोजी बेल यांच्या वतीने पेटंटसाठी अर्ज दाखल करण्यात आला. त्याच दिवशी एलिशा ग्रे यांनीही अशाच कल्पनेची पूर्वसूचना पेटंट कार्यालयात दिली. ७ मार्च १८७६ रोजी बेल यांना १,७४,४६५ क्रमांकाचे पेटंट मिळाले आणि १० मार्च रोजी शेजारच्या खोलीत असलेल्या वॉटसन यांना बोलावणारे त्यांचे शब्द तारेवरून स्पष्ट ऐकू आले. त्याच वर्षी फिलाडेल्फिया येथील प्रदर्शनात ब्राझीलचे सम्राट दुसरे पेद्रो यांच्यासमोर झालेल्या प्रात्यक्षिकामुळे या उपकरणाकडे जगाचे लक्ष वेधले गेले. जुलै १८७७ मध्ये बेल टेलिफोन कंपनी स्थापन झाली. १८८२ साली मुंबई, कोलकाता आणि मद्रास येथे दूरध्वनी केंद्रे सुरू झाली.

पेटंटाच्या हक्कावरून पुढील काळात शेकडो दावे लढवले गेले. १८८८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने बेल यांच्या बाजूने निर्णय दिला. तरीही प्राधान्याचा वाद पूर्णपणे मिटला नाही. एलिशा ग्रे यांच्याखेरीज इटालियन संशोधक अँतोनिओ मेउच्ची यांनी १८७१ मध्येच ध्वनिवहनाच्या यंत्राची पूर्वसूचना नोंदवली होती, आणि २००२ मध्ये अमेरिकेच्या प्रतिनिधिगृहाने त्यांच्या कार्याची दखल घेणारा ठराव संमत केला.

विवाहाच्या वेळी बेल यांनी कंपनीतील आपले जवळजवळ सर्व समभाग पत्नीला भेट दिले आणि स्वतःकडे केवळ दहा ठेवले. कंपनीच्या दैनंदिन कारभारात त्यांना रस नव्हता. वयाच्या तिशीतच मिळालेल्या आर्थिक स्वातंत्र्यामुळे पुढील चार दशके त्यांना मनाजोगे संशोधन करता आले.

इतर संशोधन

१८८० मध्ये फ्रान्सने बेल यांना ५०,००० फ्रँकचे व्होल्टा पारितोषिक दिले. त्या रकमेतून त्यांनी वॉशिंग्टन येथे प्रयोगशाळा उभारली. त्याच वर्षी चार्ल्स समनर टेंटर यांच्यासह त्यांनी फोटोफोन हे उपकरण बनवले. त्यात प्रकाशाच्या झोतावरून आवाज सुमारे २१३ मीटर अंतरावर पाठवण्यात आला.

जुलै १८८१ मध्ये अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष जेम्स गारफिल्ड यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या. शरीरातील गोळी शोधण्यासाठी बेल यांनी विद्युत्-चुंबकीय प्रवर्तनावर चालणारे धातुशोधक यंत्र तयार केले. परंतु राष्ट्राध्यक्षांच्या बिछान्यातील पोलादी स्प्रिंगांमुळे व अन्य कारणांमुळे गोळीचा शोध लागला नाही आणि सप्टेंबरमध्ये गारफिल्ड यांचे निधन झाले. याच काळात, ऑगस्टमध्ये, बेल दांपत्याचा अकाली जन्मलेला मुलगा श्वसनाच्या त्रासाने काही तासांतच दगावला. त्यानंतर बेल यांनी हवेच्या दाबातील बदलाने छाती फुलवणाऱ्या कृत्रिम श्वसनाच्या जाकिटाचा प्रयोग हाती घेतला. पुढील शतकात वापरात आलेल्या 'लोखंडी फुप्फुसा'शी त्याचे तत्त्व जुळते. एल्सी आणि मेरियन या त्यांच्या दोन मुली मोठ्या झाल्या.

१८९८ मध्ये बेल नॅशनल जिओग्राफिक सोसायटीचे अध्यक्ष झाले. संस्थेचे मासिक सर्वसामान्य वाचकांपर्यंत पोहोचावे यासाठी त्यांनी विशेष प्रयत्न केले.

बॅडेक आणि आकाशाकडे वळण

१८८५ मध्ये बेल दांपत्य प्रथम नोव्हा स्कॉशियातील बॅडेक या गावी आले. ब्रा दॉर सरोवराच्या काठचा हा प्रदेश बेल यांना स्कॉटलंडची आठवण करून देणारा वाटला. तेथे त्यांनी जमीन घेऊन घर, प्रयोगशाळा आणि नौका बांधण्याचा कारखाना उभारला. या जागेला त्यांनी गेलिक भाषेत बेन व्रिया, म्हणजे सुंदर पर्वत, असे नाव दिले.

६ मे १८९६ रोजी सॅम्युअल लँग्ली यांचे वाफेवर चालणारे विनाचालक विमान पॉटोमॅक नदीवर उडताना बेल यांनी प्रत्यक्ष पाहिले. त्यानंतर उड्डाणाच्या विचाराने त्यांना पुरते झपाटले. त्यांनी चतुष्फलक आकाराच्या लहान घरांची जोडणी करून मोठमोठे पतंग बनवले. ही रचना हलकी आणि अतिशय मजबूत होती.

१९०७ मध्ये मेबल बेल यांच्या पैशातून हवाई प्रयोग संघ स्थापन झाला. स्वतः बेल, अभियंते फ्रेडरिक बाल्डविन आणि डग्लस मॅककर्डी, इंजिननिर्माते ग्लेन कर्टिस आणि लष्करी अधिकारी थॉमस सेल्फ्रिज असे त्याचे पाच सभासद होते. ६ डिसेंबर १९०७ रोजी सेल्फ्रिज यांना घेऊन सिग्नेट हा ३,३९३ घरांचा पतंग आगबोटीमागे बांधून उडवण्यात आला. तो सुमारे ५१ मीटर उंचीवर सात मिनिटे राहिला, पण खाली येताच बोटीने पाण्यातून ओढला गेल्यामुळे मोडला. सेल्फ्रिज बचावले. पाणी हे जमिनीपेक्षा सुरक्षित प्रयोगक्षेत्र आहे अशी बेल यांची धारणा होती. मात्र वेगात असलेल्या यंत्राला पाणीही कसे अडवते व मोडते, हे या अपघाताने दाखवून दिले.

सेल्फ्रिज यांना पुढे सप्टेंबर १९०८ मध्ये ऑर्व्हिल राइट यांच्यासोबत उड्डाण करताना झालेल्या अपघातात मृत्यू आला. इंजिनयुक्त विमानाच्या अपघातातील तो पहिला बळी मानला जातो. या घटनेचा बेल यांना मोठा धक्का बसला. तरीही संघाचे काम चालू राहिले. २३ फेब्रुवारी १९०९ रोजी मॅककर्डी यांनी बॅडेक येथील गोठलेल्या सरोवरावरून सिल्व्हर डार्ट हे विमान उडवले. कॅनडातील हे पहिले इंजिनयुक्त विमानोड्डाण होय. ठरलेल्या मुदतीनुसार मार्च १९०९ अखेर संघ विसर्जित झाला.

हायड्रोफॉइलवरील संशोधन

संघाच्या एका अपयशाने बेल आणि बाल्डविन यांना नव्या प्रश्नाकडे नेले. १९०८ च्या अखेरीस जून बग या यशस्वी विमानाला तराफे लावून ते पाण्यावरून उडवण्याचा प्रयत्न झाला. विमानाने पाण्यावर चांगला वेग घेतला, पण ते पाण्यापासून सुटले नाही. तराफ्यांना होणारा पाण्याचा विरोध इंजिनाची शक्ती खाऊन टाकत होता. तराफ्यांखाली पाती बसवून त्यांना आधी पाण्याबाहेर काढता आले तर उड्डाण सोपे होईल, अशी कल्पना त्यातून बळावली. हायड्रोफॉइलचे तत्त्व स्पष्ट करणारा विल्यम मीचम यांचा लेख १९०६ मध्ये 'सायंटिफिक अमेरिकन'मध्ये प्रसिद्ध झाला होता आणि बेल यांनी तेव्हाच त्याची नोंद घेतली होती. बाल्डविन यांनी १९०८ मध्ये प्राथमिक प्रयोगांना आरंभ केला.

साधी नौका चालते तेव्हा तिच्या शक्तीचा काही भाग पाण्याशी होणाऱ्या घर्षणात आणि काही भाग लाटा निर्माण करण्यात खर्च होतो. वेग वाढत गेला की नाळेपाशी उठणारी लाट लांबत जाते. तिची लांबी नौकेच्या लांबीएवढी झाली की नौका जणू स्वतःच निर्माण केलेल्या चढावर अडकते, आणि त्यानंतर थोड्याशा अधिक वेगासाठीही फार मोठी शक्ती लागते. पाण्याखालील पाती हा पेच वेगळ्या रीतीने सोडवतात. पाणी हवेपेक्षा सुमारे ८०० पट घन असल्यामुळे अगदी लहान पात्यालाही मोठा उचल-जोर मिळतो. हा जोर वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, म्हणजे वेग दुप्पट झाला की जोर चौपट होतो. तो वजनाएवढा झाला की नौकेचे धड पाण्याबाहेर येते आणि पाण्यात उरतात ती फक्त पाती व त्यांचे खांब.

इटलीतील अभियंते एनरिको फोर्लानिनी यांनी १९०६ मध्ये माज्जोरे सरोवरावर अशी नौका ताशी सुमारे ६८ किमी वेगाने चालवली होती. तिची पाती शिडीच्या पायऱ्यांप्रमाणे एकाखाली एक बसवलेली होती. १९१० - ११ मधील जगप्रवासात बेल आणि बाल्डविन यांनी फोर्लानिनी यांची भेट घेतली आणि त्यांच्या नौकेतून सरोवरावर फेरी मारली. या प्रवासातील संथपणा बाल्डविन यांना उड्डाणासारखा वाटला.

बॅडेकला परतल्यावर दोघांनी शिडीची रचना स्वीकारून ती सुधारण्यास सुरुवात केली. या नौकांना त्यांनी हायड्रोड्रोम असे नाव दिले आणि त्याच्या आद्याक्षरांवरून प्रयोगनौका एचडी-१, एचडी-२ अशा क्रमाने ओळखल्या जाऊ लागल्या. शिडीच्या रचनेचा मोठा गुण असा, की ती स्वतःच तोल सांभाळते. वेग वाढला की नौका वर येते, वरची पाती पाण्याबाहेर पडतात आणि उचल-जोर आपोआप मर्यादित राहतो. वेग कमी झाला की नौका खाली बसते आणि अधिक पाती पुन्हा कामाला लागतात. पाती आडवी सरळ न ठेवता तिरपी बसवल्यास ती एकदम नव्हे तर हळूहळू पाण्याबाहेर येतात, त्यामुळे धक्के कमी बसतात.

एचडी-४ आणि जागतिक विक्रम

पहिल्या महायुद्धात पाणबुड्यांच्या हल्ल्यांमुळे वेगवान नौकांची गरज निर्माण झाली. १९१७ मध्ये अमेरिका युद्धात उतरल्यानंतर एचडी-४ च्या बांधणीला वेग आला. सुमारे १८ मीटर लांबीच्या या नौकेचे धड सिगारसारखे निमुळते होते. दोन्ही बाजूंना उलांडीसारखे तरंगक होते आणि हवेत फिरणारे दोन पंखे तिला पुढे ढकलत. पोलादी पात्यांचे संच दोन्ही बाजूंना व पिछाडीस होते. नाळेपाशी आणखी एक संच होता, तो नाक पाण्यात घुसू नये यासाठी. १९१८ मधील चाचण्यांत रेनो कंपनीच्या इंजिनांवर तिने ताशी ८७ किमी वेग गाठला. नौका चटकन वेग घेत असे, स्थिर राही आणि लाटा सहज पार करी.

बेल यांच्या अहवालानंतर अमेरिकी नौदलाने जुलै १९१९ मध्ये प्रत्येकी ३५० अश्वशक्तीची दोन इंजिने दिली. ९ सप्टेंबर १९१९ रोजी ब्रा दॉर सरोवरावर एचडी-४ ने ताशी ७०.८६ मैल, म्हणजे ११४.०४ किमी वेगाची नोंद केली. तोपर्यंत कोणत्याही नौकेने इतका वेग गाठलेला नव्हता.

मात्र युद्ध संपले होते. अमेरिकी आणि ब्रिटिश नौदलांच्या प्रतिनिधींनी नौकेची पाहणी केली, परंतु एकही मागणी नोंदवली गेली नाही. १९२१ मध्ये एचडी-४ ची यंत्रसामग्री काढून घेण्यात आली आणि तिचे धड बेन व्रियाच्या किनाऱ्यावर पडून राहिले. मार्च १९२२ मध्ये, मृत्यूच्या काही महिने आधी, हायड्रोड्रोमची पेटंटे बेल आणि बाल्डविन यांच्या संयुक्त नावाने मंजूर झाली.

विचार आणि वाद

कर्णबधिरांच्या शिक्षणाविषयी बेल यांची मते आजही वादग्रस्त आहेत. मुलांनी ओठवाचन आणि बोलणे शिकावे, खुणांच्या भाषेत शिक्षण देऊ नये, असा मौखिक पद्धतीचा त्यांनी जोरदार पुरस्कार केला. कर्णबधिरांना समाजाच्या मुख्य प्रवाहात आणणे हा त्यामागील त्यांचा हेतू होता. परंतु या पद्धतीच्या प्रसारामुळे अनेक शाळांतून खुणांची भाषा हद्दपार झाली, कर्णबधिर शिक्षकांच्या संधी कमी झाल्या आणि मुलांच्या कित्येक पिढ्या आपल्या स्वाभाविक भाषेला मुकल्या, अशी टीका कर्णबधिर समाजाकडून होते.

१८८३ मध्ये नॅशनल ॲकॅडमी ऑफ सायन्सेसपुढे मांडलेल्या निबंधात त्यांनी कर्णबधिरांच्या आपसातील विवाहांमुळे बहिरेपणा वाढत जाईल अशी भीती व्यक्त केली होती. अशा विवाहांवर कायद्याने बंदी घालावी असे त्यांनी सुचवले नाही, पण ते टाळले जावेत असे त्यांचे मत होते. १९२१ मध्ये न्यूयॉर्क येथे भरलेल्या दुसऱ्या आंतरराष्ट्रीय सुप्रजननशास्त्र परिषदेचे ते मानद अध्यक्ष होते. आई आणि पत्नी या दोघीही श्रवणहीन असलेल्या, आयुष्यभर स्वतःला प्रथम कर्णबधिरांचा शिक्षक मानणाऱ्या माणसाच्या चरित्रातील ही विसंगती अभ्यासकांच्या चर्चेचा विषय राहिली आहे.

निधन

मधुमेहाच्या विकारामुळे २ ऑगस्ट १९२२ रोजी बेन व्रिया येथे बेल यांचे निधन झाले. त्यांची शवपेटी प्रयोगशाळेतील कारागिरांनीच पाइन लाकडाची बनवली आणि तिला आतून चतुष्फलक पतंगांसाठी वापरले जाणारे लाल रेशमी कापड लावले. त्याच टेकडीच्या माथ्यावर त्यांना पुरण्यात आले. अंत्यविधीच्या वेळी त्यांच्या सन्मानार्थ उत्तर अमेरिकेतील दूरध्वनी सेवा एक मिनिट बंद ठेवण्यात आली. पाच महिन्यांनी, जानेवारी १९२३ मध्ये, मेबल बेल यांचेही निधन झाले.

हायड्रोफॉइल कार्याचा वारसा

बेल यांच्या हयातीत नौदलांनी नाकारलेले तंत्र पुढे अनेक देशांनी स्वीकारले. १९५० च्या दशकापासून युरोपात हायड्रोफॉइल प्रवासी नौका धावू लागल्या. कॅनडाच्या नौदलाने १९६० च्या दशकात एक मोठी हायड्रोफॉइल युद्धनौका बांधली आणि बेल व बाल्डविन यांच्या प्रयोगभूमीवरून तिला ब्रा दॉर असेच नाव दिले. १९६९ मध्ये तिने ६३ नॉट, म्हणजे ताशी सुमारे ११७ किमी वेग गाठला. हा प्रकल्प १९७१ मध्ये थांबवण्यात आला.

हेच तत्त्व माणसाच्या शक्तीवर चालणाऱ्या नौकांनाही उपयोगी पडले. एचडी-४ जवळ एकूण ७०० अश्वशक्ती होती. याउलट सराव असलेला खेळाडूदेखील काही मिनिटांसाठी जेमतेम अर्धी अश्वशक्ती देऊ शकतो. इतक्या तुटपुंज्या शक्तीवर नौका पाण्याबाहेर उचलायची तर खांब आणि पाती यांचा प्रत्येक जादा सेंटिमीटर विरोध वाढवतो. म्हणून अनेक पायऱ्यांची जड शिडी येथे चालत नाही. लांब, अरुंद आणि पूर्ण बुडालेली पाती वापरावी लागतात. अशा पात्यांना स्वतःचा तोल सांभाळता येत नसल्यामुळे खोली राखण्याची वेगळी व्यवस्था करावी लागते. १९८० च्या दशकात अमेरिकेत ॲलन ॲबट आणि अ‍ॅलेक ब्रुक्स यांनी बनवलेल्या फ्लाइंग फिश या पायडलवर चालणाऱ्या नौकेत पुढील लहान पाते पृष्ठभागाचा मागोवा घेणाऱ्या यंत्रणेला जोडलेले होते.

दुसरी अडचण सुरुवातीची. कमी वेगात उचलण्यासाठी मोठे पाते लागते, पण वेग वाढल्यावर तेच अडथळा ठरते. मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीमधील मार्क ड्रेला आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी डेकॅव्हिटेटर या नौकेत दोन पाती बसवून हा प्रश्न सोडवला. मोठे पाते नौकेला उचलते आणि वेग आल्यावर पाण्याबाहेर काढले जाते, मग सर्व भार लहान पात्यावर राहतो. वेगाबरोबर पाण्यातील पात्यांचे क्षेत्रफळ घटत जावे, हे बेल आणि बाल्डविन यांच्या शिडीतील सूत्र येथे निराळ्या रूपात दिसते. २७ ऑक्टोबर १९९१ रोजी ड्रेला यांनी ही नौका बॉस्टनच्या चार्ल्स नदीवर १०० मीटर अंतरासाठी १८.५ नॉट, म्हणजे ताशी सुमारे ३४ किमी वेगाने चालवली आणि मानवी शक्तीवरील नौकांचा विक्रम केला. तुलनेसाठी, आठ वल्हेकऱ्यांची उत्तम शर्यती नौका २,००० मीटरचे अंतर ताशी सुमारे २२ किमी सरासरी वेगाने कापते. एचडी-४ प्रमाणेच डेकॅव्हिटेटरलाही हवेत फिरणारा पंखा पुढे ढकलत होता. ज्या शहरात बेल यांनी दूरध्वनीचा शोध लावला, त्याच शहराच्या नदीवर हा विक्रम झाला.

सन्मान आणि स्मारके

ध्वनीची पातळी मोजण्याच्या 'बेल' या एककाला त्यांचे नाव देण्यात आले आहे. त्याचा दहावा भाग म्हणजे डेसिबल हे नित्य वापरातील एकक होय. बॅडेक येथे कॅनडा सरकारने अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ उभारले आहे. तेथे एचडी-४ च्या मूळ धडाचे अवशेष आणि तिची पूर्णाकृती प्रतिकृती जतन केलेली आहे.